वादात सापडलेल्या स्वतंत्र चित्रपटकाराची जाहीर मुलाखत : तयारी कशी करावी? (कोल्हापूर)

दसराचौक (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. शाहू स्मारक भवनात एका स्वतंत्र चित्रपटकाराची दीड तासाची जाहीर मुलाखत ठरते आहे. नाव मुद्दाम देत नाही, नाहीतर चर्चा माणसावर घसरेल. पार्श्वभूमी अशी : दोन माहितीपट, एक कथापट, पैसा लोकवर्गणीतून. एका माहितीपटाला सेन्सॉरनं कट सुचवलेत, ते मान्य नसल्यानं प्रकरण अपिलात आहे. त्याहून नाजूक बाब म्हणजे पडद्यावर दिसलेल्या काही लोकांचीच तक्रार आहे की आमचं बोलणं तोडून दाखवलं. मुलाखत तीन कॅमेऱ्यांवर चित्रित होईल आणि नंतर यूट्यूबवर जाईल.

प्रश्न आधी द्यावेत का? चित्रपटाचे तुकडे दाखवता येतील का? आवाज कसा घ्यावा? सभागृहात गोंधळ झाला तर काय? किस्से नकोत, पद्धत सांगा.

तिसरी घंटा

विषय आधी सांगा, प्रश्न देऊ नका. प्रश्न हातात पडले की पाहुणा उत्तरं घोकून येतो आणि सभागृहात नुसतं वाचन होतं.

खरी तयारी चित्रपट बघण्याची. प्रत्येक चित्रपट दोनदा बघा. एकदा सलग, मध्ये न थांबता. दुसऱ्यांदा वही घेऊन, मिनिट-सेकंद लिहीत. कॅमेरा कुठे थांबला, कोणाला बोलू दिलं, कोणाचं वाक्य अर्ध्यात कापलंय, निवेदन कुठे आलंय आणि कुठे टाळलंय, हे सगळं टिपा. चांगले प्रश्न या वहीतून निघतात. बातम्यांच्या कात्रणांतून निघणारे प्रश्न त्या माणसाला पन्नास वेळा विचारून झालेले असतात.

म्हणूनच वादापासून सुरुवात करू नये. पहिल्याच प्रश्नात वाद काढला तर ठरीव निवेदन मिळतं, आणि पाहुणा पुढचा तासभर सावध बसतो. सुरुवात एखाद्या दृश्यातल्या निर्णयापासून करा. उदाहरणार्थ : ‘चौथ्या मिनिटाला कॅमेरा दारातच थांबतो, आत जात नाही. का?’ या प्रश्नाचं उत्तर देताना परवानगी, विश्वास, घरातल्या माणसांचा नकार हे सगळं आपसूक येतं. तिथून तक्रारीच्या प्रश्नाला जायला दहा पावलं पुरतात. वाद विसाव्या-पंचविसाव्या मिनिटाला आणा. शेवटच्या दहा मिनिटांत मात्र आणू नका. तेव्हा पाठपुरावा करायला वेळ उरत नाही आणि मुद्दाम शेवटी अडकवल्यासारखं दिसतं.

प्रश्न वीस सेकंदांत संपला पाहिजे. एका प्रश्नात दोन प्रश्न घातले की पाहुणा सोप्याचं उत्तर देतो, अवघड तसाच राहतो. ‘तुम्हाला वाटत नाही का की...’ अशी सुरुवात करू नका, त्यात उत्तर आधीच घातलेलं असतं. आणि उत्तर संपल्यावर मनात चार आकडे मोजा. पुष्कळदा खरं उत्तर त्या शांततेनंतर येतं. आपल्याकडे निवेदकांना शांततेची भीती वाटते, लगेच ‘वा, सुंदर!’ म्हणून ती भरून टाकतात.

साठ मिनिटांच्या गप्पांना बारा ते चौदा प्रश्न पुष्कळ झाले. ते जाड कार्डांवर लिहा. कागद थरथरतो, आणि कॉलर माईकजवळ त्याची सळसळ ऐकू येते.

कात्री

तिसरी घंटा, बाकी सगळ्याशी सहमत, एका ठिकाणी नाही. चित्रपटात दिसलेल्या लोकांची तक्रार समोर ठेवणार असाल तर ती पाहुण्याला किमान तीन दिवस आधी द्यायलाच हवी. लेखी, कोणत्या दृश्याबद्दल आहे त्या मिनिटासकट. अचानक मांडलीत तर तो म्हणेल, ‘मला मूळ चित्रण बघावं लागेल.’ हे उत्तर प्रामाणिक असतं, पण विषय तिथंच संपतो. आधी दिलीत तर तो मूळ चित्रणाचा उतारा, संमतिपत्र, काय असेल ते घेऊन येऊ शकतो. मग ‘बघावं लागेल’ म्हणायची सोय उरत नाही.

तक्रारदारांशीही आधी बोला. त्यांची वाक्यं त्यांच्या शब्दांत घ्या, त्यांना वाचून दाखवा, मंचावर तशीच वाचा. त्यांचं म्हणणं निवेदकानं आपल्या शब्दांत सांगितलं तर ‘आमचं बोलणं तोडलं’ ही मूळ तक्रार आपल्याच मंचावर पुन्हा खरी ठरेल.

तिसरी घंटा

मान्य. आरोप आणि आकडे आधी द्यावेत, बाकीचे प्रश्न नाही. माझं वरचं वाक्य तसं दुरुस्त समजा.

वकिली चष्मा

तुकड्यांबद्दल. सिनेमॅटोग्राफ कायदा १९५२ नुसार प्रमाणपत्राशिवाय सार्वजनिक प्रदर्शन हा गुन्हा आहे. प्रवेश मोफत ठेवला म्हणून प्रदर्शन खाजगी होत नाही. चित्रपट महोत्सव केंद्रीय मंत्रालयाकडून सूट घेतात, ती त्या महोत्सवापुरती असते. तेव्हा अपिलात अडकलेल्या माहितीपटाचा दोन मिनिटांचाही तुकडा दाखवू नका. प्रमाणपत्र मिळालेल्या दोन चित्रपटांतलेच दाखवा, तेही प्रमाणित प्रतीतून. प्रमाणपत्राचा दुसरा भाग मागून घ्या, त्यात काढलेल्या आणि बदललेल्या भागांची नोंद असते. काढलेलं दृश्य चुकून तुमच्या तुकड्यात असेल तर तेही अप्रमाणितच. निर्मात्याची लेखी परवानगी वेगळी घ्या. दिग्दर्शक मंचावर बसलाय म्हणजे हक्क त्याच्याकडेच आहेत असं नाही.

अडकलेल्या चित्रपटाबद्दल बोलायला मात्र आडकाठी नाही. कट सुचवणारं पत्र पाहुण्याकडून मागवा आणि त्यातल्या एकेका कटावर विचारा : कोणतं दृश्य, कोणतं कारण दिलं, तुम्ही काय उत्तर दिलंत. ‘सेन्सॉरनं गळा दाबला’ या वाक्यापेक्षा एक प्रत्यक्ष कट वाचून दाखवला तर प्रेक्षकाला जास्त कळतं.

निवेदकाला एवढं माहीत हवं. १९७० मध्ये ख्वाजा अहमद अब्बास यांच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं चित्रपटांची पूर्वतपासणी वैध ठरवली. तो खटलाही एका माहितीपटावरूनच झाला होता. १९८९ च्या रंगराजन निकालात न्यायालय म्हणालं की निदर्शनं, मोर्चे किंवा हिंसेच्या धमकीवरून अभिव्यक्ती दाबता येणार नाही. पूर्वी सेन्सॉरवर अपील लवादाकडे जायचं. तो लवाद २०२१ मध्ये रद्द झाला, आता थेट उच्च न्यायालय. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए (मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाखाली बघायच्या चित्रपटांच्या) प्रमाणपत्रात ७+, १३+ आणि १६+ असे वयोगट आले. ‘आता लवाद नाही तर छोट्या निर्मात्याला वेळ आणि वकिलाचा खर्च किती पडतो?’ हा प्रश्न जरूर घ्या. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आहे, सभागृहात वकील मंडळी असतीलच. त्यांना हा प्रश्न भिडेल.

मंचावर नावं घेऊन केलेल्या आरोपांची काळजी घ्या. अब्रुनुकसानीचं कलम आता भारतीय न्याय संहितेत ३५६ आहे, आणि मुलाखत प्रसिद्ध करणाराही त्यात ओढला जाऊ शकतो. लैंगिक अत्याचारातल्या पीडितेची ओळख उघड करणं कलम ७२ खाली गुन्हा आहे, बालकांबाबत पॉक्सोचं (बालकांवरील लैंगिक अत्याचारांविरुद्धच्या कायद्याचं) कलम २३. पाहुण्याच्या चित्रपटात अशी माणसं असतील तर त्यांचं नाव, गाव, शाळा काहीही मंचावर उच्चारलं जाऊ नये. हे त्याला आदल्या दिवशी तोंडी सांगा आणि लेखीही द्या.

शिंगणापूर रोड

कोल्हापुरात आजवर असले वाद नव्हते. सेन्सॉर, निदर्शनं ही मुंबईची भानगड इथे कशाला आणायची?

तिसरी घंटा

हे बरोबर नाही हो. बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा ‘सैरंध्री’ १९२० चा. त्यातलं कीचकवधाचं दृश्य इतकं हुबेहूब झालं होतं की सेन्सॉरनं ते काढायला लावलं. म्हणजे कोल्हापूरच्या पहिल्या चित्रपटालाच कात्री लागली. हा वाद इथे शंभर वर्षांपासून आहे आणि मुलाखतीत तो आणायलाच हवा. बाहेरून आलेल्या पाहुण्याला आपण कोणत्या गावात बसलोय ते कळेल आणि उत्तरही मोकळं येईल.

हेडफोन

आता आवाज. यूट्यूबवर चित्र थोडं हललं तर लोक सोसतात, आवाज घुमला की दोन मिनिटांत बंद करतात.

दोघांनाही कॉलर माईक लावा आणि शेजारच्या टेबलावर एक वायरचा हातातला माईक तयार ठेवा. कॉलर माईक हनुवटीच्या खाली साधारण एक वीत, मधोमध. बाजूच्या कॉलरवर लावला की मान वळवली तिकडे आवाज कमी-जास्त होतो. सिल्क आणि कडक खादी घासली की खरखर येते, म्हणून वायरची छोटी गाठ आतून टेपनं चिकटवा. मण्यांची माळ, मंगळसूत्र, गळ्यात अडकवलेला चष्मा यांची टकटक हमखास येते. ते आधी बघा आणि विनंती करा.

सत्कार आधी उरकायचा. शाल, श्रीफळ, फेटा झाल्यावरच माईक लावायचा. नाहीतर शाल घालताना माईक खाली सरकतो आणि पूर्ण मुलाखत पोटाजवळून रेकॉर्ड होते.

स्वस्त वायरलेस माईक २.४ गिगाहर्ट्झवर चालतात. मोबाईलचं वायफाय आणि ब्लूटूथही त्याच पट्ट्यात असतं. दुपारी रिकाम्या सभागृहात सगळं झकास चालतं आणि संध्याकाळी तीनशे फोन आत आले की आवाज तुटायला लागतो. साउंडवाल्याकडून यूएचएफ (वायफायपेक्षा वेगळ्या पट्ट्यात चालणारा) संच मागा. तो नसेल तर रिसीव्हर मागच्या टेबलावर न ठेवता विंगेत, पाहुण्यापासून पाच-सात मीटरवर, मधे माणूस येणार नाही असा ठेवा. सेल नवे घाला. अर्धे वापरलेले सेल नेमके प्रश्नोत्तरांत मान टाकतात.

शिट्टी का वाजते? स्पीकर माईकच्या मागे किंवा शेजारी असले की. स्पीकर मंचाच्या पुढच्या कडेच्या पुढे, तोंड प्रेक्षकांकडे. मंचावर मॉनिटर (मंचावरच्यांना ऐकू यावं म्हणून त्यांच्याकडे तोंड केलेला स्पीकर) शक्यतो नको, असलाच तर अगदी हळू. कॉलर माईक चहूबाजूंनी ऐकतो, त्याला सभागृहात फार चढवता येत नाही. मागच्या रांगेला ऐकू येत नसेल तर आवाज न वाढवता मधल्या अंतरावर जास्तीचे दोन स्पीकर लावा.

रेकॉर्डिंग मिक्सरवरच्या एका मिसळलेल्या ट्रॅकवर सोडू नका. दोघांचे ट्रॅक वेगळे, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, बोलण्याची शिखरं उणे १२ डेसिबलच्या आसपास. मिक्सरमधून येणारा सिग्नल लाइन पातळीचा, म्हणजे माईकपेक्षा बराच जोरकस असतो, तो रेकॉर्डरच्या माईक इनपुटला जोडला की फाटतो. रेकॉर्डरवर ‘लाइन’ निवडा. ३२ बिट फ्लोट (खूप मोठा आवाजही न फाटता घेणारा) रेकॉर्डर असेल तरी मिक्सरमध्येच फाटलेला आवाज त्यानं जुळून येत नाही. मिक्सरवाल्याला फेडरच्या (आवाज कमी-जास्त करायच्या सरकपट्टीच्या) आधीचा सिग्नल द्यायला सांगा. नाहीतर तो सभागृहासाठी फेडर खाली घेतो आणि तुमचं रेकॉर्डिंगही खाली जातं.

सुरुवातीला एक टाळी आणि शेवटी एक टाळी, तिन्ही कॅमेऱ्यांना दिसेल अशी. रेकॉर्डर आणि कॅमेऱ्याची घड्याळं दीड तासात काही फ्रेमनी सरकतात. शेवटची टाळी नसेल तर ओठ आणि शब्द कुठून सुटले ते शोधत बसावं लागतं. प्रेक्षक यायच्या आधी पंखे, एसी चालू ठेवून एक मिनिट नुसती शांतता रेकॉर्ड करा, संकलनात तीच सांधे झाकते.

आणि कानाला हेडफोन लावून बसलेला एक माणूस पूर्ण वेळ हवा. मीटर हलताना दिसतो, खरखर दिसत नाही.

फोकसपुलर

हेडफोनदादांनी अर्धं काम केलं. चित्राचं थोडक्यात.

२५ फ्रेम, शटर १/५०. आपली वीज ५० हर्ट्झची. ३० फ्रेम आणि १/६० ठेवलंत तर सभागृहातले जुने दिवे फडफडताना दिसतील. व्हाइट बॅलन्स (रंगांचा तोल) ऑटोवर नको, तिन्ही कॅमेऱ्यांना एकच आकडा द्या. नाहीतर पडद्यावर निळं दृश्य आलं की पाहुण्याचा चेहरा पिवळा होतो.

दोघांना जोडणारी एक रेषा मनात ओढा आणि तिन्ही कॅमेरे तिच्या एकाच बाजूला ठेवा. एक कॅमेरा ओलांडून पलीकडे गेला की दोघं एकाच दिशेला बघून बोलताना दिसतात. मधला कॅमेरा रुंद (दोघंही दिसतील असा), जागेवर पक्का, त्याला कोणी हात लावायचा नाही. खुर्च्या एकमेकींकडे निम्म्या वळलेल्या, मधे चार-पाच फूट. फिरत्या खुर्च्या नकोत, बोलताना माणूस डुलतो. टीपॉयवर पुष्पगुच्छ ठेवला की हात झाकले जातात, आणि हाडाचा चित्रपटकार हातांनी निम्मं बोलतो.

चष्म्यावर दिवा चमकत असेल तर दिवा बाजूला नेण्याआधी वर घ्या. फेटा बांधला असेल तर उलट, वरच्या दिव्यानं डोळ्यांवर सावली पडते. सत्कारानंतर फेटा उतरवायची विनंती करा किंवा समोरून मऊ उजेड द्या. चकचकीत फ्लेक्स मागे लावला की त्यात दिवे दिसतात, साधा गडद कापडी पडदा बरा. छताचा पंखा दिव्याच्या खाली येत असेल तर चेहऱ्यावर सावली फिरत राहते. तेवढा एक पंखा बंद.

चित्रण सेकंदाला ५० मेगाबिटनं होत असेल तर तासाला सुमारे साडेबावीस जीबी. दीड तासाला ३४, म्हणजे ६४ जीबीचं कार्ड पुरतं. ४के १०० मेगाबिटवर ६८ लागतात, तिथे तेच कार्ड शेवटच्या दहा मिनिटांत भरतं, म्हणजे ऐन प्रश्नोत्तरांत. काही जुने फोटो कॅमेरे २९ मिनिटं ५९ सेकंदांनी आपोआप थांबतात. रुंद कॅमेरा त्यातला नसावा.

दसराचौक

फार मोलाचं. काही जण म्हणतात थेट प्रक्षेपणच करा.

वकिली चष्मा

करू नका. पीडितेचं नाव कोणाच्या तोंडून निसटलं तर थेट प्रक्षेपणात ते परत घेता येत नाही.

हेडफोन

शिवाय १०८०पी ला सहा मेगाबिट अपलोड लागतं, हाताशी त्याच्या दुप्पट हवं. मोबाईल नेटवर्कचा वेग भरल्या सभागृहात मोजायचा असतो, रिकाम्या नाही.

खासबाग

गोंधळाबद्दल कोणी बोललं नाही. १६ फेब्रुवारी २०१५ ला या शहरात कॉम्रेड पानसरेंवर गोळ्या झाडल्या गेल्या, २० तारखेला ते गेले. तेव्हा सुरक्षा म्हणजे कागदी सोपस्कार असं कोणी समजू नये.

जवळच्या पोलीस ठाण्यात किमान आठवडाभर आधी लेखी पत्र द्या आणि पोच घ्या. पत्रात वेळ, अपेक्षित संख्या, पाहुण्याचं नाव, मुलाखत आहे की प्रदर्शन, कोणते प्रमाणित तुकडे दाखवणार, जबाबदार माणसाचा नंबर. जिल्ह्यात बंदी आदेश चालू आहे का ते त्याच वेळी विचारा, सणासुदीला आणि निवडणुकीत ते निघतात. निवेदन घेऊन विरोधक आले तर मंचाच्या पायरीवर नाही, प्रवेशदाराशीच एका ठरलेल्या माणसानं ते स्वीकारावं. त्यांच्यातल्या दोघांना आत बसायला जागा द्या, प्रश्न विचारायचा हक्क द्या. बाहेर ठेवलेला माणूस घोषणा देतो.

प्रेक्षकांचे प्रश्न चिठ्ठ्यांवर घ्या. मोकळा माईक फिरवला की भाषणं होतात. चिठ्ठ्या चाळिसाव्या मिनिटाला वाटा, पंचावन्नाव्याला गोळा करा. दोन माणसांनी निवडाव्यात आणि त्यातला एक पाहुण्याच्या बाजूचा नसावा. सर्वांत कडक प्रश्न वगळला असं कोणाला वाटू नये म्हणून पहिला तोच वाचा, जसा लिहिलाय तसा. शिवी तेवढी गाळा.

वडणगे फाटा

पैशाचे प्रश्न विसरू नका ही विनंती. स्वतंत्र चित्रपटकाराला ‘प्रेरणा’ सगळे विचारतात, हिशेब कोणी विचारत नाही. लोकवर्गणी किती लोकांची, सर्वांत मोठी रक्कम एकाच देणगीदाराकडून आली का, त्याला संकलन आधी दाखवलं का? किती तासांचं चित्रण झालं आणि त्यातून किती मिनिटं घेतली? तक्रारदारांचं मूळ बोलणं किती मिनिटांचं होतं, चित्रपटात किती आलं? ‘संदर्भ तोडला’ हा आरोप या एका आकड्यानं मोजता येतो. चित्रपटात दिसलेल्यांना पूर्ण चित्रपट प्रदर्शनाआधी दाखवला का, की संमतिपत्रावर सही घेऊन विषय मिटवला? सही कोणत्या भाषेतल्या कागदावर घेतली?

तिसरी घंटा

+१. सहीच्या भाषेचा प्रश्न अख्ख्या मुलाखतीतला सर्वांत चांगला आहे.

कात्री

संकलनाचे नियम आधी ठरवा. अर्ध्या पानाचा करार पुरे : रेकॉर्डिंग कोणाचं, कुठे प्रसिद्ध होणार, पाहुण्याला तथ्याची चूक दुरुस्त करता येईल पण उत्तर काढून टाकता येणार नाही. अपवाद दोनच, तिसऱ्या माणसाची सुरक्षितता आणि कायद्यानं लपवायची ओळख. त्या जागी आवाज बंद करून पडद्यावर तसं लिहा, गुपचूप कापू नका.

उत्तर लहान करताना सांधा झाकायला निवेदकाची मान डोलावतानाची चित्रं लावतात. ती त्याच क्षणाची असतील तरच लावा. दुसऱ्या उत्तरावर डोलावलेली मान या उत्तराला जोडली तर निवेदकानं ज्याला होकार दिला नाही त्याला तो दिल्यासारखं दिसतं. प्रश्नाचे शब्द बदलू नका, नंतर नीट करून पुन्हा रेकॉर्ड करू नका. आणि लहान आवृत्तीसोबत दीड तासाची पूर्ण आवृत्तीही ठेवा. ज्या माणसावर बोलणं तोडल्याचा आरोप आहे त्याचीच मुलाखत तोडून दाखवणं शोभत नाही.

मूळ फाइलींच्या तीन प्रती, त्यातली एक दुसऱ्या घरात. कार्ड लगेच पुसू नका.

दसराचौक

शेवटचं विचारतो. तक्रारीच्या प्रश्नावर पाहुणा उठून निघून गेला तर?

तिसरी घंटा

निवेदकानं उठू नये, मागून हाकाही मारू नये. प्रेक्षकांना फक्त एवढं सांगावं की कोणता प्रश्न विचारला होता, आणि कार्डावर लिहिलेला तो पुन्हा तसाच वाचावा. पाच मिनिटं थांबावं. परतले तर तिथूनच पुढे सुरू करावं, नाही परतले तर आभार मानून आटपावं.

हेडफोन

आणि विंगेत एक माणूस उभा ठेवा, माईक काढून घ्यायला. पाहुणा कॉलर माईकसकट मेकअप खोलीत गेला तर तिथलं खाजगी बोलणं रेकॉर्डरवर येत राहतं. तो ट्रॅक त्याच क्षणी म्यूट करा, आणि मधलं जे काही आलं असेल ते कोणालाही न ऐकवता पुसून टाका.